लाल दिव्यावरची पट्टी

एडिटरबाईंनी क्लिप तिसऱ्यांदा पहिल्यापासून लावली आणि तिसऱ्यांदा स्क्रीनवर त्याचेच बूट आले. तपकिरी, उजव्या टाचेला झिजलेले. ते फरशीवर दोन पावलं मागे गेले, थांबले. मग उजवा बूट पुढे झाला आणि पलंगाखालून बाहेर डोकावणारी निळी बॅग त्याने टोकाने आत सारली. चित्र हिंदकळलं, उचललं गेलं, ट्रायपॉडवर टेकलं. खुर्चीत ताई. आधी धूसर, मग स्पष्ट. त्याचा आवाज आला, की ताई, जरा डावीकडे सरक, उजेड गालावर येऊ दे. ताई सरकली. मग पुन्हा त्याचाच आवाज.

"हं, चालू केला."

आणि स्क्रीन काळी झाली.

"पुढची लावा," तो म्हणाला.

"पुढचीही अशीच आहे," एडिटरबाई म्हणाल्या. "तुम्ही यायच्या आधीच तिन्ही बघून झाल्यात माझ्या."

चूक सांगायलाही लाज वाटावी इतकी साधी होती. कॅमेऱ्याला बटण एकच. एकदा दाबलं की चालू, पुन्हा दाबलं की बंद. सामान उतरवताना ते कुठेतरी एकदा जास्तीचं दाबलं गेलं आणि तिथून पुढे सगळंच उलटं झालं. चालू करतोय असं समजून त्याने दाबलं तेव्हा कॅमेरा बंद झाला, बंद करतोय असं समजून दाबलं तेव्हा चालू. ताई आधी चाळीस मिनिटं बोलली आणि नंतर पंधरा मिनिटं. ती पंचावन्न मिनिटं कुठेच नव्हती. होती ती आधीची, मधली आणि नंतरची झटापट. तिसऱ्या क्लिपमध्ये तर कॅमेऱ्याच्या पिशवीतला अंधार होता आणि जिना उतरणारी पावलं.

फिल्म शिकणाऱ्या पहिल्या वर्षाच्या पोरांकडून असं होतं. लाल दिवा बघितला की कळतं आणि सुधारता येतं. त्याच्या कॅमेऱ्यावर लाल दिव्यावर काळी चिकटपट्टी होती, आणि ती त्यानेच लावलेली होती.

ती पट्टी म्हणजे त्याची विद्या. समोरच्याला लाल दिवा दिसला की तो शहाण्यासारखा बोलायला लागतो. दिवा झाका, माणूस विसरतो. विसरला की खरं बोलतो. हे तो पंचवीस वर्षं व्याख्यानांतून सांगत आला होता आणि पोरं वहीत उतरवून घेत आली होती. माणसाला बेसावध पकडायचं आणि त्याला सत्य म्हणायचं, इतका सरळ हिशोब. दिव्याबरोबर त्याने स्वतःच्या डोळ्यासमोरच्या खुणाही बंद करून टाकल्या होत्या. भिंगातून बघताना आकडे नकोत, ठिपके नकोत, चौकट स्वच्छ हवी. शूटिंग संपल्यावर तिथेच बसून तपासून बघणं हे त्याच्या मते घाबरटांचं काम होतं.

मिठागरं, दगडखाणी, तुरुंग. तीस वर्षं तो दुसऱ्यांच्या घरात शिरला. लोक त्याच्यासमोर रडले, ते रडणं त्याने जगभर दाखवलं, आणि त्याच्या कपाटावर पुरस्कारांच्या पितळेच्या नि काचेच्या बाहुल्या जमत गेल्या. गेली सहा वर्षं मात्र कुणी विचारत नव्हतं. एका सिमेंट कारखान्याचं उद्घाटन, एका दवाखान्याची जाहिरात, एका पुढाऱ्याची साठी, यावर दिवस निघाले. मग चॅनेलच्या बाईंचा फोन आला. घरातल्या आजारी माणसापायी घरातच अडकून पडलेल्या बायकांवर एक तासाची फिल्म, करणार का? त्याने शोधाशोध केल्याचं नाटकही केलं नाही. त्याला लगेच ताई आठवली. आईपायी ताई घरात अडकली त्या नऊ वर्षांत ती त्याला इतक्या पटकन कधीच आठवली नव्हती.

ताई सात महिने नाही म्हणत राहिली. हो म्हणाली तेव्हा तीन अटी घातल्या. खोलीत बाहेरचा माणूस नको. आई दिसता कामा नये. आणि मी एकदाच बोलेन, परत विचारायचं नाही. त्याने तिन्हींना मान डोलावली. पहिल्या अटीपायी त्याच्या साउंडवाल्याला, ज्याला सगळे कानसेन म्हणत, खाली जिन्यात बसवावं लागलं. माइक ताईच्या छातीवर, आवाज थेट कॅमेऱ्यात, दुसरीकडे कुठे नोंद नाही. दुसऱ्या अटीपायी पलंग चौकटीबाहेर ठेवायला हवा होता. पण त्याने चौकट जरा मोकळी ठेवली. नंतर कापता येते, असं तो स्वतःशी म्हणाला होता.

"दुसरी लावा," तो एडिटरबाईंना पुन्हा म्हणाला.

दुसरी क्लिप नऊ मिनिटांची होती. त्याने विश्रांती जाहीर केली होती आणि तो खोलीबाहेर गेला होता. ताई खुर्चीतून उठते. माइक काढून दाराजवळच्या खुंटीला अडकवते. घड्याळाकडे बघते. मग डावीकडे, जिथे पलंग अर्धा दिसतो, तिथे जाऊन आईची कूस बदलते. आधी आईचा गुडघा वाकवते. मग पलीकडचा हात आईच्या छातीवर आणून ठेवते. मग एक हात खांद्याखाली, एक कमरेखाली. आईने दुसऱ्या हाताने पलंगाचा कठडा घट्ट धरलेला असतो, पाण्यात पडलेल्या माणसाने काहीतरी धरावं तसा. ताई ओढत नाही, बोटं सोडवत नाही. आईच्या कानाशी वाकते आणि काहीतरी म्हणते. बोटं आपोआप सुटतात, अंग सैल पडतं, आणि आई एका झोकात वळते. पाठीमागे उशी. चादरीची सुरकुती तळहाताने सपाट. मग ताई आईच्या पाठीला पावडर लावत राहते, सावकाश, घाई कशाचीच नसल्यासारखी.

आणि या सगळ्यावर, खुंटीला लटकलेल्या माइकमधून, दाराबाहेर फोनवर बोलणाऱ्या त्याचा आवाज. जवळचा, खणखणीत, खुशीतला.

"मिळालं. सोनं आहे, सोनं. नाही, रडली नाही अजून. आता दुसऱ्या भागात आईच्या पडण्याचं काढतो. तिथे ती टिकत नाही, मला माहितीय."

ताई आईच्या कानाशी वाकते, नेमका तेव्हा तो सोनं सोनं करत होता.

एडिटरबाईंनी चित्र थांबवलं. त्यांनी आयुष्यात शेकडो लोकांच्या चुका कापून टाकल्या होत्या आणि त्याबद्दल त्यांना कुणी बाहुली दिली नव्हती.

"हीच फिल्म आहे," त्या म्हणाल्या. "नऊच्या नऊ मिनिटं, एकही कट न देता. तीस वर्षांत तुमच्याकडून असा शॉट आला नाही. तुम्ही तिथे नव्हता म्हणून आला."

"आवाज काढता येईल," तो म्हणाला. आणि जरा वेळाने, "शिवाय आई दाखवायची नाही असा शब्द दिलाय मी ताईला."

बाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"आवाज आधी आठवला तुम्हाला," त्या म्हणाल्या. "आवाज काढलात तर ते नर्सबाईंच्या वर्गात दाखवायचं प्रात्यक्षिक होईल. मग मला बोलावू नका."

त्याने सांगितलं की ताईला पुन्हा बोलतं करतो. पुढच्या शुक्रवारी चॅनेलला कट, म्हणजे जोडून तयार केलेली फिल्म, द्यायचा होता, मध्ये दहा दिवस होते. तो दिला नाही तर त्या जागी दुसऱ्या कुणाची तरी फिल्म लागणार, हे चॅनेलच्या बाईंनी गोड आवाजात दोनदा सांगून ठेवलं होतं. आणि ही गेली की पुढे कोणी विचारणार नाही, हे सांगायला त्याला कुणाची गरज नव्हती.

जाताना त्याने दुसऱ्या क्लिपची प्रत स्वतःच्या लॅपटॉपवर घेतली. दोन दिवसांत ती वीसेक वेळा बघितली. आपला आवाज बारीक करून बघितला, खरखर वाढवून बघितली, कान स्पीकरला लावून बघितला. ताई आईच्या कानात काय म्हणते ते काही केल्या ऐकू येईना. कानसेनला फोन केला, तर तो हसायलाच लागला. माझ्यावर ढकलू नकोस, म्हणाला, मी तुझ्या जिन्यात बसून मांजरं मोजत होतो. आणि मग म्हणाला, की कॅमेऱ्याने नसेल ऐकलं, पण तू तर समोरच बसला होतास ना? लिहून काढ आठवेल तसं. फोन ठेवल्यावर त्याने वही उघडली. बराच वेळ उघडी ठेवली आणि मिटली.

तिसऱ्या दिवशी दुपारी तो ताईच्या घरी गेला तेव्हा दाराला बाहेरून कडी होती. म्हणजे ताई बाहेर गेली होती. कॅमेऱ्याची पिशवी मांडीवर घेऊन तो जिन्याच्या वरच्या पायरीवर बसला. ही कडी त्याला माहीत होती. आई चालती होती, पण डोकं भरकटलेलं, तेव्हा ती मुलांना शाळेतून आणायला म्हणून केव्हाही घराबाहेर पडे. मुलं तोवर पन्नाशीला आलेली. ताई बाहेर जाताना कडी लावायची. एका दिवशी लावायची राहिली, आणि आई याच जिन्यावरून खालपर्यंत गेली, पायाने नव्हे. त्यानंतर आई कधी चालली नाही. आणि त्यानंतर ताईकडून कडी लावायची कधी राहिली नाही. मागच्या खेपेला तो यावरून हसला होता. आई काय पळून जाणार आहे आता, म्हणाला होता.

ताई औषधांची पिशवी घेऊन आली. त्याला बघून दचकली नाही, खूशही झाली नाही. कडी काढली.

"जेवलायस का?"

"हो."

"खोटं बोलतोस. बस."

आतल्या खोलीत आई भिंतीकडे तोंड करून पडली होती. पंखा मंद फिरत होता. ताई स्वयंपाकघरात औषधाच्या पट्ट्या डब्यात लावत राहिली आणि तो दाराशी उभं राहून सांगत राहिला. बटण, दिवा, पट्टी. सांगताना त्याच्या लक्षात आलं की आपण हे फारच नीट सांगतोय, वर्गात सांगितल्यासारखं.

"म्हणजे किती नाही झालं?" ताईने विचारलं.

"तू बोललीस त्यातलं काहीच नाही."

"मग झालं काय?"

"माझे बूट."

ताईने हातातली गोळ्यांची पट्टी खाली ठेवली. तिच्या ओठांचा कोपरा हलला, मग खांदे हलले, मग तिला ओट्याचा आधार घ्यावा लागला. ती हसत होती. डोळ्यांतून पाणी येईस्तोवर, आवाज न करता, आत आई उठू नये म्हणून. या पाण्यासाठी तो त्या दिवशी पंचावन्न मिनिटं तिष्ठत बसला होता. त्याचा हात पिशवीच्या चेनकडे गेला आणि तिथेच राहिला. दुसऱ्या क्लिपबद्दल तो काही बोलला नाही.

हसणं ओसरल्यावर त्याने विचारलं, की पुन्हा एकदा बोलशील का. तुझी अट माहीत आहे, पण माझी शेवटची फिल्म असेल ही. यावेळी त्याचा आवाज वर्गातल्यासारखा नव्हता.

ताईने तोंड पुसलं, खुर्ची ओढली आणि त्याच्यासमोर बसली.

"तू होतास ना समोर?"

"होतो."

"मग सांग. मी काय बोलले?"

तो बोलायला लागला. तू नोकरी सोडलीस ते. आधी रजा घेतलीस, मग बिनपगारी, मग राजीनामा. ताई म्हणाली की हे तुला आधीपासून माहीत होतं, मी त्या दिवशी काय बोलले ते सांग. तो म्हणाला, की रात्रीची झोप, पाठदुखी, लोक येतात आणि दहा मिनिटांत जातात. ताई म्हणाली, की हे कुठलीही बाई सांगेल, मी काय सांगितलं? त्याला ताईचा डावा गाल आठवत होता. खिडकीतून येणारा उजेड हनुवटीपर्यंत येऊन थांबत होता, ते आठवत होतं. ती पुढे झुकली की फोकस सुटत होता, ते आठवत होतं. पंख्याची घरघर माइकमध्ये येईल का, ही धास्ती आठवत होती. दुसऱ्या भागात त्याने आईच्या पडण्याचं काढलं आणि ताई काही रडली नाही, तेव्हा आलेला रागही चांगला आठवत होता. तिचे ओठ हलताना त्याला दिसत होते. पण आवाज नव्हता. ऐकायचं काम त्याने कॅमेऱ्यावर सोडलं होतं, आणि तेच तो तीस वर्षं करत आला होता.

"एक गोष्ट मी कुणालाच सांगितली नव्हती," ताई म्हणाली. "तुला सांगितली. तू मान डोलावलीस."

"ताई, मी..."

"छान डोलावतोस मान. मला वाटलं, ऐकलंस."

आत आईने घसा खाकरल्यासारखा आवाज केला. ताईने घड्याळ बघितलं. पावणेचार.

"बोलेन परत," ती म्हणाली. "पंधरा दिवसांनी. तोवर तू इथे राहा."

त्याने सांगितलं की शुक्रवारी कट द्यायचाय, आठ दिवससुद्धा राहिले नाहीत.

"दे की," ताई म्हणाली. "बूट दे."

ती उठून आतल्या खोलीत गेली. तो मागोमाग गेला. तिने वाकून पलंगाखाली हात घातला आणि निळी बॅग ओढून काढली. बॅग फुगलेली होती, चेन लावलेली, वरच्या कापडावर धुळीचा थर. धुळीत एका बाजूला बुटाच्या टोकाचा ठसा उमटलेला होता. ताईने तो तळहाताने झटकला.

"ही कधी भरलीस?" त्याने विचारलं.

ताईने त्याच्याकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. लहानपणी तो शाळेतून काही हरवून आला की बघायची तसं.

"सांगितलं होतं," ती म्हणाली.

"जाणार कुठे?"

"तेही सांगितलं होतं."

मग तिने भराभर कामाचं सांगितलं. औषधांचा कागद फ्रिजवर आहे. भात मऊ करायचा, घोट घोट पाणी. संध्याकाळी समोरची वहिनी दूध घेऊन येते, तिला काही अडलं तर विचार. दर दोन तासांनी कूस बदलायची, आता चारला आहे, एकदाही चुकवू नकोस, पाठीला फोड आला तर भरत नाही. त्याने मान डोलावली आणि डोलावता डोलावता मध्येच थांबवली. मग तो एकेक गोष्ट मोठ्याने परत म्हणाला. भात मऊ. घोट घोट पाणी. दर दोन तासांनी. ताईने ऐकून घेतलं. आईच्या कपाळावर हात ठेवला, काढला. चपला घातल्या.

दार ओढलं गेलं. आणि बाहेरून कडी बसल्याचा आवाज आला.

तो बाहेरच्या खोलीत उभा होता. आईसाठी नव्हती ती, त्याच्यासाठीही नव्हती. हाताची सवय होती. ताईची पावलं जिना उतरत होती, एक मजला, अर्धा मजला. मग थांबली.

आत तो कोंडला गेलाय, हे आता तिला आठवलं. तो दाराजवळ गेला. हाक मारायला पुरेसं जवळ. खाली काही हललं नाही. जिन्याच्या वळणावर उभं राहून एक माणूस श्वास घेतो आहे, एवढंच. त्याने दारावर हात ठेवला. ठोठावलं नाही.

मग पावलं पुन्हा उतरू लागली. आधीपेक्षा हलकी.

खिशात फोन थरथरला. चॅनेलच्या बाई. त्याने तो उलटा करून टेबलावर ठेवला. कॅमेऱ्याची पिशवी उघडली, कॅमेरा बाहेर काढला, लाल दिव्यावरची चिकटपट्टी नखाने खरवडून काढली. दिवा विझलेला होता. तरीही त्याने दोनदा बघितलं, मग कॅमेरा पिशवीत ठेवून चेन लावली आणि पिशवी कपाटावर सरकवली.

चार वाजता तो पलंगाजवळ गेला. नऊ वर्षांत त्याने आईला असं उचललेलं नव्हतं, पण कसं ते त्याला पाठ होतं. वीस वेळा बघितलं होतं. आधी गुडघा वाकवला. आईचा पलीकडचा हात तिच्या छातीवर आणून ठेवला. एक हात खांद्याखाली घातला, एक कमरेखाली. वाटलं होतं त्यापेक्षा आई हलकी होती आणि वाटलं होतं त्यापेक्षा गरम.

आईने कठडा धरला होता. बोटांची पेरं पांढरी झालेली. त्याने थोडा जोर लावला, तशी तिची मूठ अजून आवळली. तिने मान वळवून त्याच्याकडे बघितलं. ओळखलं की नाही, कळत नव्हतं. पण ती त्याच्या तोंडाकडे बघत होती.

इथेच ताई काहीतरी म्हणते.

तो वाकला. तिच्या कानाशी तोंड नेलं.

"आई, मी आहे."

मूठ सुटली नाही.

"आई, वळायचंय आता. सोड."

आई वाट बघत राहिली. हे शब्द ताईचे नव्हते. तिचे शब्द त्याच्या लॅपटॉपमध्ये होते, त्याच्याच आवाजाखाली गाडलेले. त्याची पाठ भरून आली. हात काढून घेतले तर आई पुन्हा त्याच कुशीवर पडणार होती. तो तसाच वाकून राहिला, दोन्ही हात तिच्याखाली, कान तिच्या तोंडाजवळ. घड्याळात चार वाजून सहा मिनिटं झाली होती.